लेमन अपडेट: न्यूक्लियस वाचला एकदाचा!

मंडळी, जमलं! लेमन धूमकेतूचा रखडलेला स्टॅक (एकावर एक रचून एकत्र केलेले फोटो) अखेर चार लोकांना दाखवण्यासारखा झालाय. फोटो 21 ऑक्टोबर 2025 चे, लेमन पृथ्वीच्या सगळ्यात जवळ, म्हणजे साधारण 9 कोटी किमीवर होता तेव्हाचे. अमावस्या होती पण लक्ष्मीपूजनही तेव्हाच, साताऱ्यात नुसता धूर, म्हणून पूजा घरच्यांवर सोडून (बोलणी अजून खातोय) यवतेश्वरचा घाट चढून कासच्या रस्त्याला गेलो होतो. शहराचा उजेड पाठीमागे, पश्चिम मोकळी. तरी अंधार पडल्यापासून लेमन खाली जाईपर्यंत जेमतेम पाऊण तास मिळाला, 135 एमएम लेन्सवर 30 सेकंदांचे सब्स, म्हणजे स्टॅकसाठीचे सुटे फोटो.

आता दुखणं. धूमकेतू ताऱ्यांमधून सरकत असतो, त्यामुळे फोटो ताऱ्यांवर अलाइन केले (जुळवले) की लेमनचा फराटा, लेमनवर अलाइन केले की ताऱ्यांचे फराटे, हे सगळ्यांनाच माहितीय. उपाय म्हणून प्रत्येक सबमधून स्टारनेटने (तारे पुसणारं सॉफ्टवेअर) तारे काढायचे आणि मग सिरिल या स्टॅकिंगच्या सॉफ्टवेअरमध्ये कॉमेट रजिस्ट्रेशन, म्हणजे धूमकेतूवर फोटो जुळवणं, करायचं, ट्युटोरियलवाले सगळे हेच सांगतात. पण स्टारनेटला लेमनचा न्यूक्लियस (मधला तेजस्वी ठिपका) म्हणजे ताराच वाटायचा, गिळूनच टाकायचा! हिरवा कोमा (भोवतीचा धूसर गोळा) छान आणि मधोमध भोक, मेदूवडाच. बरं, प्रत्येक सबमध्ये भोक वेगळ्या जागी, मूळ न्यूक्लियस परत आणायला मास्क (ठरावीक भागापुरता झाकणारा थर) किती ठिकाणी लावणार?

परवा लाईट गेली, लॅपटॉप बंद, अंधारात बसल्या बसल्या सुचलं की क्रमच उलटा करू. आधी कॉमेट रजिस्ट्रेशन, पहिल्या आणि शेवटच्या सबमध्ये न्यूक्लियसवर क्लिक, मधलं सिरिल टाइमस्टॅम्पवरून काढतं, ते अप्लाय करून सगळे सब्स सरकवून घेतले. आता न्यूक्लियस प्रत्येक सबमध्ये त्याच पिक्सेलवर! मग स्टारनेट, मग एकच छोटा गोल मास्क सगळ्यांना, त्यातून मूळ न्यूक्लियस परत. गोलात चुकून आलेले तारे दर सबला वेगळ्या जागी असतात, ते सिग्मा क्लिपिंगमध्ये (स्टॅक करताना बाकी सब्सशी न जुळणारे पिक्सेल गाळणं) उडतात. लॅपटॉप रात्रभर घरघरत होता, पण सकाळी आयन टेलमधल्या (धूमकेतूच्या वायूच्या शेपटीतल्या) गाठी आणि वळसे दिसले ना, चहा गार झाला तरी बघतच बसलो. सिरिल फुकट आहे राव, पैसे मोजून सॉफ्टवेअर घ्यायच्या आधी हे शिका.

ड्यू हीटरचं (लेन्सवर दव धरू नये म्हणून लावायची गरम पट्टी) थोडक्यात: ऑनलाइन मागवलेली पट्टी पहिल्याच थंडीत मेली, विकणारा फोन उचलत नाही. आता पॅरलल रेझिस्टर आणि कापडी टेपची घरगुती पट्टी, मस्त चालतेय.

पुढे खरं तर फ्लॅट्स (लेन्सच्या कडांचा काळोख आणि धुळीचे डाग घालवायला काढलेले फोटो) नीट करून लेमनच परत प्रोसेस करणार होतो, पण हे लिहिता लिहिता विर्तानेन धूमकेतू आठवला! डिसेंबर 2018, कृत्तिका आणि रोहिणीच्या मधून गेलेला, फक्त 1 कोटी 16 लाख किमीवरून. इतका जवळ म्हणून आकाशात सरकायचाही झपाझप, त्यामुळे तेव्हा माझा सगळा स्टॅक पुसट झाला होता आणि मी वैतागून सोडून दिलं होतं. चंद्राचा उजेडही आहे त्यात, त्याचा ग्रेडियंट (फोटोभर पसरलेला कमीजास्त उजेड) निघेल का बघू. पण न्यूक्लियसवर आधी अलाइन करायची युक्ती तिथे जास्तच कामाला यायला हवी. लेमनचे फ्लॅट्स थांबू देत. विर्तानेनच्या फोटोंची हार्डडिस्क कराडला भावाकडे आहे, रविवारी जाऊन आणतो.