वटवट्यांची फेरमांडणी: काम कुठवर आलं

प्रिनिया, म्हणजे आपले वटवटे पक्षी. त्यांचे फोटो आणि आवाजाच्या फाइली नव्या वर्गवारीप्रमाणे लावायचं काम भारतीय जातींपुरतं बरंचसं मार्गी लागलंय. आफ्रिकेतल्या जातींना हात लावलेला नाही, इतक्यात लावणारही नाही.

सुरुवात कुळापासून केली. जुन्या पुस्तकांत हे सगळे ‘रेन-वॉर्बलर’ म्हणून सिल्व्हिडी कुळात बसवलेले. सिल्व्हिडी म्हणजे तेव्हाची धर्मशाळाच. लहानसा, मळकट, झुडपात घुसणारा पक्षी दिसला की रवानगी तिकडे. डीएनए तपासणी आली आणि ती भराभर रिकामी झाली. आता वटवटे सिस्टिकोलिडी कुळात, शिंपी पक्ष्याच्या शेजारी. राखी वटवट्या पुष्कळदा शिंप्यासारखीच पानं शिवून घरटं करतो, त्यामुळे हा शेजार पटायला जड गेला नाही. पण घरट्यावर किंवा रूपावर फार भिस्त ठेवू नये. डोंगरी शिंपी वर्षानुवर्षं शिंप्यांतच मोजला गेला आणि तपासल्यावर भलत्याच कुळातला निघाला. आता त्याची प्रजातीही (जीनस) निराळी, फिलरगेटीस.

वटवट्यांतलं असंच प्रकरण म्हणजे प्रिनिया बर्नेसी. सिंधूच्या खोऱ्यातल्या उंच गवतात राहणारा, लांब शेपटीचा, पाठीवर रेघा असलेला. बघणारा वटवट्याच म्हणणार. २०१३ साली सिस्टिकोलिडीतल्या सगळ्या प्रजाती डीएनएवर ताडून पाहणारा अभ्यास प्रसिद्ध झाला, त्यात हा गडी थेट पेलॉर्निडीत, बॅब्लर पक्ष्यांच्या गोतावळ्यात जाऊन बसला. पक्षीशास्त्रज्ञ ब्लाइथने १८४५ मध्ये दिलेलं लॅटिसिला हे प्रजातीनाम त्यामुळे पुन्हा वापरात आलं. ब्रह्मपुत्रेकडच्या गवताळ पट्ट्यातला त्याचा भाऊबंदही त्याच्याबरोबर गेला. दोघांचं फोल्डर वटवट्यांतून बाहेर काढलंय. मला विचाराल तर या सगळ्या फेरबदलातली सगळ्यात मजेदार गोष्ट हीच. गवतात आणि काटेरी झुडपांत जगायचं तर तपकिरी रंग, आखूड पंख आणि लांब शेपूट सोयीची पडते. मग मूळ घराणं कुठलंही असो.

साध्या वटवट्याचं लेबल बदलायला मात्र वेळ गेला, कारण जुन्या भारतीय नोंदींत तो सर्रास ‘सबफ्लाव्हा’ या शास्त्रीय नावाने सापडतो. तेव्हा आफ्रिकेतला पक्षी आणि आपला पक्षी एकच जात धरत. आता सबफ्लाव्हा आफ्रिकेतला आणि आपला इनॉर्नाटा. हे नाव इंग्रज पक्षी-अभ्यासक साइक्सचं, १८३२ मधलं, दख्खनच्या पक्ष्यांवरून दिलेलं. राखी वटवट्याचं सोशियालिसही त्याचंच आणि त्याच वर्षीचं. लष्करातला माणूस, पण नजर पक्की होती.

फोटोंपेक्षा आवाजांनी जास्त साथ दिली. राखी वटवट्याचं ‘जिमी-जिमी-जिमी’ एकदा कानात बसलं की शंका उरत नाही, शिवाय झुडपातून झुडपात उडताना तो जी कटकट करतो ती निराळीच. साधा वटवट्या एखाद्या किड्यासारखा कोरडा, लांबलचक ‘टिर्रर्र’ ओढतो. रान वटवट्या झुडपाच्या शेंड्यावर बसून तेच ते दोन-तीन स्वर मोठ्याने घोकत राहतो, ऐकणारा कंटाळेपर्यंत.

हिवाळी फोटो हा खरा डोकेदुखीचा भाग. साध्या वटवट्याची शेपूट हिवाळ्यात लांब होते, पाठ जास्त तांबूस दिसते आणि विणीच्या दिवसांतली काळी चोच फिकी पडते. एकाच झुडपातल्या पक्ष्याचे दोन ऋतूंतले फोटो शेजारी ठेवले तर नवखा माणूस दोन जाती लिहून मोकळा होईल. करड्या छातीच्या वटवट्याचा तर छातीवरचा पट्टाच हिवाळ्यात नाहीसा होतो. तांबूस डोक्याचा वटवट्या त्या मानाने सोपा: उडताना शेपटीची रुंद पांढरी टोकं स्पष्ट दिसतात. पण फोटोतला पक्षी नेमका शेपूट मिटून बसलेला असतो.

म्हणून प्रत्येक फोटोला आता महिना, चोचीचा रंग आणि शेपटीची टोकं अशी माहिती जोडतोय. साधा आणि राखी संपले. रान आणि तांबूस डोक्याचा अर्ध्यावर आहेत. त्यानंतर हिमालयातले. तिथे रेघांच्या वटवट्याचे २०२० च्या अभ्यासानंतर वेगवेगळ्या जातींत तुकडे झालेत, भारतातला क्रिनिगेरा तेवढा जुन्या नावाने राहिलाय. कुणाकडे त्याचं विणीच्या काळातलं गाणं स्वच्छ रेकॉर्ड केलेलं असेल तर जरूर कळवा. माझ्याकडच्या फाइलींत वाराच जास्त ऐकू येतो.