उरलेल्या चार दिवसांचं करायचं काय? : कादंबरीतलं पंचांग रचतानाचा माझा अनुभव

मी लिहितेय त्या कादंबरीतला देश खाडीकाठचा आहे. नकाशा झाला होता, घराणी ठरली होती, पण तिथलं कुणी ‘पुढच्या महिन्यात लग्न काढू’ म्हणालं की गाडी अडायची. चैत्र-वैशाख तिथे चालणार नव्हते. नावं बदलून तीस-तीस दिवसांचे बारा महिने करणं सोपं होतं, पण ते मला पटेना. वर्षाचा भागाकार पूर्ण सुटला, बाकी शून्य आली, की माणसांना भांडायला, व्रत करायला, सवलत मागायला काही राहतच नाही. पंचांगातलं तत्त्वज्ञान त्या बाकीत असतं, असं माझं ठाम मत झालंय.

आपल्या अधिक महिन्याचंच घ्या. बारा चांद्रमासांचे दिवस होतात साधारण ३५४, सौर वर्षाचे ३६५. दरसाल पडणारा अकरा दिवसांचा फरक साठत जातो आणि बत्तीस-तेहतीस महिन्यांनी एक जादा महिना येतो, १९ वर्षांत ७ वेळा. गणित एवढंच. पण त्या जादा महिन्यात लग्न-मुंज नाही म्हणून त्याला मलमास म्हटलं, मग विष्णूने त्याला आपलं नाव दिलं अशी कथा आली आणि तो पुरुषोत्तम मास झाला. पुढे तोच जावयाच्या कौतुकाचा धोंड्याचा महिना. २०२३ च्या अधिक श्रावणात आमच्याकडे तांब्याच्या तबकात तेहतीस अनारसे मोजून लावले, वर दिवा ठेवला. वाणाला पदार्थ जाळीदारच लागतो, म्हणून एकेक अनारसा उजेडात धरून बघितला जात होता. ज्या महिन्याला कुणी वाली नव्हता, त्याचे एवढे लाड!

दुसरीकडे हीच बाकी वेगळी वागवली गेली. माया लोकांच्या ३६५ दिवसांच्या वर्षात वीस-वीस दिवसांचे अठरा महिने आणि वर पाच दिवस. ते पाच अशुभ. हिजरी कालगणनेत अधिक महिना नाही, म्हणून रमजान सुमारे ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंतून फिरून येतो. फ्रान्समध्ये क्रांतीनंतर १७९३ साली दहा दिवसांचा आठवडा आणला, तीस दिवसांचे बारा महिने केले आणि उरलेले पाच-सहा दिवस सणांना दिले. पण सुट्टी सातव्या दिवसाऐवजी दहाव्या दिवशी आली. १ जानेवारी १८०६ पासून ती कालगणना बंद झाली.

मग मी वही घेऊन आकाशापासून सुरुवात केली. माझ्या देशाला चंद्र दोन. थोरली २८ दिवसांची, धाकली १२ दिवसांची. चौऱ्याऐंशी दिवसांनी दोघींची अमावास्या एकाच रात्री येते, तिला मी जोडअवस म्हटलं. त्या रात्री काळोख मिट्ट आणि उधाण सगळ्यात मोठं. सूर्याचं वर्ष ३४० दिवसांचं. वर्षात थोरलीचे बारा महिने, म्हणजे ३३६ दिवस, म्हणजेच चार जोडअवसा. उरले चार दिवस.

या चार दिवसांवर मी सगळ्यात जास्त वेळ घालवला, आणि वाट सापडली ती कोकण किनाऱ्यावरच्या एका हिशेबामुळे. तिथे तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ कळते. चतुर्थी असेल तर तीनच्या सुमारास. समुद्रावर जाणाऱ्याला चंद्र हवा. पण त्याच खाडीत मिठागरवाल्याला ऊन हवं. त्याला अष्टमीचा भांग (लहान भरती) असो की पौर्णिमेचं उधाण, बांध सांभाळायचा आणि पाणी आटायची वाट बघायची. एका गावात दोन पोटं, दोन घड्याळं.

म्हणून माझ्या देशात दोन पंचांगं झाली. नाखवे चार दिवस साठवतात आणि सात वर्षांनी २८ दिवसांचा मोकळा महिना घालतात. त्या महिन्यात व्याज चढत नाही, जाळं विकत नाहीत, पकडलेली मासळी वाटून खायची. काळ आपल्याला उसना मिळालाय आणि तो अधूनमधून परत करावा लागतो, ही त्यांची श्रद्धा. मिठागरवाले दर वर्षाअखेर चार दिवस जागच्या जागी खर्च करतात: एक बांधाला, एक पाण्याला, एक मेलेल्यांना आणि एक कुणालाच नाही. साठवलेला वेळ नासतो, असं ते मानतात. मला दोघांचंही खरं वाटतं, आणि हे जमल्यावरच पात्रं आपापल्या तोंडाने बोलायला लागली.

कथानकाचा पेचही इथूनच निघाला. मोकळा महिना नुकताच सरलाय, दोन्ही पंचांगांचं वर्ष एकाच दिवशी सुरू झालंय. त्या दिवशी मिठागरातली एक विधवा नाखव्याकडून पाच वर्षांच्या बोलीने कर्ज घेते. नाखव्याच्या मोजणीने मुदत १,६८० दिवसांत संपते, तिच्या मोजणीने १,७०० दिवसांत. मधल्या वीस दिवसांत तिचं मीठ वेचून व्हायचं असतं. मुदत उलटली म्हणून नाखवा बांधावर येतो, तेव्हा शेवटच्या वाफ्यात पांढरी साय धरू लागलेली असते. दोघंही आपापल्या जागी प्रामाणिक आहेत. न्यायनिवाड्याचं प्रकरण मी आता लिहायला घेतलंय.

नाखव्यांच्या बारा महिन्यांची नावं मासळीवरून ठरली. मिठागरवाल्यांना मात्र मी महिने दिलेच नाहीत. त्यांचं वर्ष कामाने मोजलं जातं: बांधबंदिस्ती, पाणी घेणं, वेचणी, पाऊस. तारीख विचारली तर ते म्हणतात, ‘वेचणीचा नववा दिवस.’ यंदा पाऊस लवकर आला तर वेचणी किती दिवसांची धरायची, एवढं अजून ठरवायचं आहे.