रविवारची सकाळ, बडोदा आणि लोणा लागलेला घोडा

माझा जन्म बडोद्यातल्या दांडिया बाजारातला, शाळाही तिथलीच, लग्न होऊन मांजलपूरला गेले तरी गाव काही सुटलं नाही, त्यामुळे भाची जेव्हा म्हणाली की मावशी, रविवारी भिंतींवरची चित्रं दाखवणारा एक वॉक आहे, चार तासांचा, येतेस का, तेव्हा माझ्या तोंडून आधी हेच निघालं की अगं आपल्याच गावात गाइड कशाला हवा. ती म्हणाली, तांबेकर वाड्यात शेवटची कधी गेली होतीस? मी आठवून बघितलं. चौथीत असताना शाळेतून नेलं होतं. त्यानंतर नाही. आणि वाडा ज्या रावपुऱ्यात आहे तिथूनच रोज गाडी काढते मी, रोज म्हणजे रोज.

मग गेलो दोघी. उत्तरायण होऊन आठवडासुद्धा झाला नव्हता, तारांवर पतंग लोंबत होते आणि फुटपाथवर जिथे जिथे दोरी रंगवणारे बसले होते तिथे अजून गुलाबी डाग. सकाळी साडेसहाला फाइन आर्ट्स कॉलेजच्या गेटपाशी जमायचं होतं, थंडी चांगलीच होती, आम्ही अकरा जण. गाइड म्हणजे तिथेच शिकलेला एक मुलगा, स्वतः भिंती रंगवतो, पंचवीस-सव्वीसचा असेल. गुजराती-हिंदी मिसळून बोलत होता, मराठी त्याला पूर्ण कळतं कारण लहानपणी शेजार मराठी, आणि आम्ही दोघी आपापसात काय बोलतोय त्याला तो मधूनच गुजरातीत उत्तर द्यायचा. बडोद्यात हे असंच चालतं, बाहेरच्यांना गंमत वाटते.

सुरुवात त्याने गेटबाहेरच केली. म्हणाला की या गावात भिंतींवर एवढं काम का होतं त्याचं एक कारण हे कॉलेज आहे, १९५० साली सुरू झालं, आणि पेंटिंगचे पहिले प्रमुख होते नारायण श्रीधर बेंद्रे, जन्म १९१० चा, इंदूरचे. म्हणजे मराठी माणूस, इंदुरातून निघून बडोद्यात आलेला. मूर्तिकलेला शंखो चौधरी, थोड्याच काळात के. जी. सुब्रमण्यन आले. आणि ज्योती भट्ट, ते इथेच शिकले, राजस्थानात बनस्थलीला जाऊन भित्तिचित्राचं तंत्र शिकून आले आणि मग वर्षानुवर्षं खेड्यापाड्यांत फिरून लोकांच्या घरांच्या भिंती आणि अंगणातल्या रांगोळ्या यांचे फोटो काढले, २०१९ ला पद्मश्री मिळाली त्यांना. मला हे फार आवडलं, की इतका शिकलेला चित्रकार कॅमेरा घेऊन बायकांनी सारवलेल्या भिंती जपायला निघतो. त्यातल्या कितीतरी भिंती आज उभ्यासुद्धा नसतील.

पुढे काळा घोडा चौकाकडे जाताना एका लांबलचक कंपाउंडच्या भिंतीवर घोड्यांची रांग काढलेली आहे, लाल, पिवळे, निळे, सगळे एकाच दिशेला तोंड करून. मी हे शंभरदा पाहिलंय, मला वाटायचं डिझाइन आहे. ते पिठोरा आहे. छोटाउदेपूरकडचे राठवा आदिवासी घरात हे काढतात, आणि शोभेसाठी नाही, नवस फेडायला. घरात आजारपण असेल, गुरं मरत असतील, तर बडव्याकडे, म्हणजे त्यांच्या पुजाऱ्याकडे जायचं, तो सांगणार की बाबा पिठोऱ्याला, त्या देवाला, घरी आणा, मग घरातल्या कुमारिका मुली शेणामातीने भिंत सारवणार, रंगात दूध आणि मोहाची दारू घालणार, आणि लखारा म्हणजे लिहिणारा येऊन चित्र काढणार. आपण चित्र 'काढतो' म्हणतो, ते पिठोरा 'लिहितात' म्हणतात. पूर्ण झालं की बडवा प्रत्येक घोडा ओळखून दाखवणार, हा अमक्या देवाचा, हा तमक्याचा, काही राहिलं असेल तर भरून घेणार. परेश राठवांना २०२३ मध्ये याच कलेसाठी पद्मश्री मिळाली.

मग भाचीने विचारलं ते माझ्या मनात आलं होतं तेच, की देवाचं आहे तर रस्त्यावर, जिथे लोक थुंकतात तिथे, हे काढावं का? गाइड लगेच काही बोलला नाही. मग म्हणाला की काही राठवा कलाकार म्हणतात काढा, जगाला कळू दे, काही म्हणतात देव सोडून बाकी काढा, आणि मी स्वतः घोडे काढतो पण पिठोऱ्याचा घोडा नाही काढत. मला त्याचं पटलं. आपल्याकडे कोणी गणपती लघवीच्या वासाच्या भिंतीवर टाइल लावून बसवतात, लोकांनी घाण करू नये म्हणून, तेही मला कधीच आवडलेलं नाही.

आणि इथेच तो घोडा. रांगेतला शेवटचा, निळा. मागचे दोन्ही पाय गुडघ्यापासून खाली नाहीत, रंगाचे पोपडे निघालेत आणि त्याखाली पांढरी भुकटी. मी बोट लावायला गेले तर गाइड म्हणाला, "बेन, अडशो नहीं," हात लावू नका, पण मग स्वतःच नखाने थोडी काढून माझ्या तळहातावर ठेवली. मिठासारखी. लोणाच तो. घरोघरी असतो, माझ्या सासरच्या घरात जिन्याखाली आहे, पण हे होतं कसं ते मला पन्नाशीला आल्यावर कळलं. विटांची भिंत जमिनीतलं पाणी वर ओढते, दिव्यातली वात तेल ओढते तसं, त्या पाण्यात विरघळलेले क्षार असतात, पाणी भिंतीच्या पृष्ठभागावर येऊन वाळतं आणि क्षारांचे खडे तिथेच तयार होतात. त्यांना जागा हवी, ते रंगाला मागून ढकलतात. जुन्या चुन्याच्या भिंतीतून दमट हवा बाहेर जायची, आता सिमेंटचा गिलावा आणि वर प्लास्टिक पेंट म्हणजे भिंतीला रेनकोट घातला, आत घाम. म्हणून चित्र वरून धुऊन निघत नाही, आतून मरतं. त्याने हे इतकं सरळ सांगितलं की नंतरचे तीन तास मी प्रत्येक चित्राचं आधी खालचं फूटभर बघत होते.

विश्वामित्रीच्या पुलाजवळ एक मगर आहे. काढलेली, म्हणजे भिंतीवर. खऱ्या पण आहेतच खाली, आमच्या नदीत मगरी आहेत आणि ऑगस्ट २०२४ च्या पुरात त्या रस्त्यावर आल्या होत्या, ते व्हिडिओ सगळ्यांनी पाहिले असतील. भिंतीवरच्या मगरीच्या पाठीवरून एक आडवी मातकट रेघ गेलीय, पुराचं पाणी तिथपर्यंत होतं. ज्या मुलांनी काढली ती पूर ओसरल्यावर दुरुस्त करायला आली होती म्हणे, पण रेघ त्यांनी तशीच ठेवली. माझ्या बहिणीच्या घरात त्या वेळी कमरेएवढं पाणी होतं. मी त्या रेघेपाशी उभी राहिले, ती माझ्या खांद्याला लागत होती.

तिथेच त्याने एवढं मोठं चित्र भिंतीवर नेतात कसं ते सांगितलं. जुनी पद्धत म्हणजे कागदावर चौकटी, भिंतीवर दोरी मारून त्याच चौकटी मोठ्या, आणि एकेक घर भरत जायचं. आता नवीन पोरं काय करतात, भिंतीवर नुसत्या रेघोट्या मारतात, आकडे, फुल्या, अक्षरं, काहीही, त्याचा फोटो काढतात, मोबाइलमध्ये त्या फोटोवर आपलं स्केच ठेवतात, आणि मग डोळा कुठल्या फुलीच्या डावीकडे, शेपूट कुठल्या आकड्याखाली असं बघत खऱ्या भिंतीवर काढतात. मी आमच्या गल्लीत असल्या रेघोट्या बघून पोरांना ओरडले होते एकदा.

कीर्ती मंदिर. परवानगी त्याने आधीच काढून ठेवली होती. सयाजीराव महाराजांनी गायकवाड घराण्याच्या स्मृतीसाठी बांधलं, १९३६ मध्ये पुरं झालं, आणि भिंतींसाठी शांतिनिकेतनातून नंदलाल बोस आले. चार भिंती, चार विषय: गंगावतरण, मीराबाई, महाभारताचं युद्ध आणि नटीर पूजा. काम १९३९ ते १९४६ असं टप्प्याटप्प्याने चाललं आणि महाराज १९३९ च्या फेब्रुवारीतच गेले, म्हणजे ज्यांनी बोलावलं त्यांना बघायला मिळालं नाही. नटीर पूजेसमोर मी बराच वेळ बसून राहिले. ती गोष्ट बौद्ध काळातली, स्तूपाची पूजा करायला राजाची बंदी असते आणि दरबारातल्या नर्तकीला मुद्दाम स्तूपापुढे नाचायला लावतात, अपमान म्हणून, आणि ती नाचता नाचता एकेक दागिना उतरवून वाहते, नाचाचीच पूजा होते, आणि ती मारली जाते. आमच्या आजीचं माहेर इथल्याच कोठी भागाजवळ, ती म्हणायची की लहानपणी आम्ही इथे बाहेर खेळायचो. तिने आतलं कधी पाहिलं असेल का, आता विचारायला ती नाही.

कोठीवरून रावपुऱ्यात. चहा झाला. वाटेत त्याने जुन्या दुकानांच्या पाट्या दाखवल्या, हाताने रंगवलेल्या ज्या थोड्या उरल्यात त्या, बाकी सगळीकडे फ्लेक्स. पेंटर लोकांचं कसब मला त्यातून पहिल्यांदा दिसलं. मराठी पाटी लिहायची तर वर शिरोरेघ मिळते, अक्षरं तिला टांगून घेता येतात. गुजरातीला रेघच नाही, मग वर एक दोरी आणि खाली एक दोरी मारून अक्षरं त्यामध्ये तोलायची, आणि नंतर दोऱ्यांच्या खुणा पुसून टाकायच्या. एकाच पाटीवर दोन्ही लिप्या असतील तर दोन्ही सारख्या वजनाच्या दिसायला हव्यात. भूपेन खख्खर, ते १९६२ मध्ये बडोद्याला आले, शिक्षणाने चार्टर्ड अकाउंटंट आणि एका कारखान्यात अर्धा वेळ हिशेब बघायचे, त्यांनी घड्याळ दुरुस्त करणारे, न्हावी, शिंपी अशी बाजारातली साधी माणसं कॅनव्हासवर घेतली तेव्हा या पाट्या, कॅलेंडरं, दुकानातले रंग हे सगळं सोबत आलं. रस्त्यावरची कला म्हटलं की स्प्रे कॅनच डोळ्यांपुढे येतो, पण माझ्या मते या पाट्याही त्यातच धरायला हव्यात, आणि त्या पेंटरांची नावं कोणी लिहून ठेवत नाही याचं मला खरंच वाईट वाटतं.

तांबेकर वाडा उघडायची वेळ झाली होती. भाऊ तांबेकर, म्हणजे विठ्ठल खंडेराव, १८४९ ते १८५४ बडोद्याचे दिवाण, त्यांचा हा लाकडी वाडा, आता पुरातत्त्व खात्याकडे आहे. जिने उभे आणि अरुंद, एका हाताने कठडा धरूनच चढावं लागतं. वर खोल्यांच्या भिंती चित्रांनी भरलेल्या. कृष्णलीला आहे, रामायण-महाभारत आहे, मराठे आणि इंग्रजांची लढाई आहे, युरोपियन बायकाही आहेत. चौथीतलं म्हणून मला फक्त मडमा आठवत होत्या, बाईंनी आम्हाला तिथून घाईने पुढे काढलं होतं. या वेळी मी लढाईपाशी थांबले, पगड्या आणि टोप्या समोरासमोर. ही चित्रं कोणासाठी होती? घरातल्यांसाठी, पाहुण्यांसाठी. दिवाणाच्या घरात बसून इंग्रजांशी झालेली लढाई भिंतीवर बघत जेवणारी माणसं, आणि गावात तेव्हा रेसिडेंट, म्हणजे इंग्रजांचा प्रतिनिधी, बसलेला.

भाची म्हणाली, मावशी ही टिकली आणि बाहेरची पाच वर्षं नाही टिकत. गाइड म्हणाला की ही छपराखाली आहेत, चुन्याच्या भिंतीवर आहेत, आणि कोणीतरी राखतंय, एवढाच फरक आहे.

शेवट आमच्याच दांडिया बाजारात झाला, एका गल्लीच्या तोंडाशी जिथे मला खात्री होती की एक चित्र आहे. एक बाई सूप घेऊन पाखडतेय, नऊवारी, कासोटा मागे नीट खोवलेला, बांगड्यांपर्यंत सगळं बरोबर, कोणी मराठी घरात बसून बघितल्याशिवाय असा कासोटा येत नाही. मी दिवाळीपर्यंत पाहिलंय ते. आता तिथे क्रीम रंग. समोरच्या ओट्यावर बसलेले काका म्हणाले, कसला तरी कार्यक्रम होता, गाड्या यायच्या होत्या, आदल्या दिवशी माणसं येऊन सगळ्या भिंती एकसारख्या करून गेली. "मी सांगितलं त्यांना, अहो बाईला तरी सोडा. पण त्यांना तेवढंच सांगून पाठवलेलं, ते काय करणार." काकांनी ती बाई काढणाऱ्या मुलींना चार दिवस पाणी-चहा दिला होता, परांची बांधायला स्वतःचे बांबू दिले होते. गाइडने क्रीम रंगावर तिरका मोबाइलचा उजेड टाकला आणि खरंच, सुपाची कड दिसली, रंगाच्या थराची जाडी तेवढी वर आलेली. काका उठून आले, चष्मा पुसला, आणि कडेवरून बोट फिरवत राहिले.

वॉक संपल्यावर सेव-उसळ खाल्ली, ती तर्री वाढून घेत घेत, भूक कडाडून लागली होती. खाता खाता भाची म्हणाली, मावशी, तुझ्या कंपाउंडची मागची भिंत रिकामीच आहे, मी आणि माझी मैत्रीण काढू का काहीतरी, सूप पाखडणारी बाईच काढू. मी हो म्हणाले. पण संध्याकाळी टॉर्च घेऊन मागे गेले तर खालच्या दोन विटांना पांढरी भुकटी होती, वरून पन्हाळ्याचा पाइप फुटलाय, त्याचं पाणी रोज तिथे मुरतंय. गवंड्याला फोन केला. गुरुवारी येतो म्हणालाय, खालचा दोन फूट गिलावा खरवडून काढायचा आणि चुन्याचा करायचा, सिमेंट नको, हे त्याला तीनदा सांगितलंय, आणि त्यानंतर उन्हाळाभर भिंत वाळू द्यायची. मुलींना पावसाळा संपल्यावरच बोलावणार आहे, आणि त्यांच्या परांचीसाठी बांबू काकांकडून आणणार आहे.