मालवणचा निळा सूर्य: १.८ इंची पडद्याची नोंद

उठला एकदाचा! पडदा १.८ इंची, १२८ बाय १६० पिक्सेल, कंट्रोलर, म्हणजे पडदा चालवणारी चिप, एसटी७७३५. गेल्या रविवारपर्यंत नुसता पांढरा उजेड. तो उजेड बॅकलाइटचा. कंट्रोलर गाढ झोपेत. कोड दहादा तपासला आणि दोष निघाला रिसेटच्या वायरीत. खाऱ्या हवेत एक पावसाळा काढलेली पिन, तांब्याच्या भांड्यासारखी कळकलेली. पॉलिश पेपरने घासली. आता सगळ्या जंपर वायरी बरणीत, सोबत सिलिका जेलच्या पुड्या.

सुरू करायचा क्रम सोपा: रिसेट, मग हेक्स (सोळाच्या पायाचे आकडे) ११ ही कमांड, म्हणजे जागा हो, मग १२० मिलिसेकंद गप्प बसायचं, ३ए ला ०५ देऊन १६ बिट रंग, शेवटी २९ ने डिस्प्ले चालू.

खरी गंमत चित्राची. जेटीवरून टिपलेला सिंधुदुर्ग, मागे मावळता सूर्य. पूर्ण पडद्याचं चित्र ४०,९६० बाइट. अर्डुइनो उनो बोर्डाची फ्लॅश, म्हणजे साठवणीची मेमरीच ३२ केबी, म्हणून जास्त मेमरीचा ईएसपी३२ बोर्ड घेतला. पायथनने आरजीबी५६५ मध्ये (लाल ५, हिरवा ६, निळा ५ बिट; एका पिक्सेलला दोन बाइट) बदलून ॲरे, म्हणजे आकड्यांची रांग केली, पाठवली, तर आकाशात जांभळे खरखरीत पट्टे. पांढऱ्या-काळ्याची चाचणी तर पास झाली होती! नंतर ट्यूब पेटली: पांढऱ्याचा एफएफएफएफ आणि काळ्याचा ००००, यांचे बाइट उलटे केले तरी तेच राहतात, त्यांनी काय कळणार? पडद्याला वरचा बाइट आधी लागतो, माझा ॲरे खालचा आधी पाठवत होता. अदलाबदल केली, पट्टे गेले.

पण सूर्य निळा. आजी डोकावून म्हणाली, "ह्यो सूर्य निळो कसो रे?" तिचा प्रश्न माझ्या तासाभराच्या शोधापेक्षा नेमका होता. छटा गुळगुळीत आणि रंगच चुकलेला असेल तर लाल-निळ्याची जागा बदललेली असते. हेक्स ३६ च्या कमांडमधला ०८ चा बिट उलटा केला, सूर्य केशरी झाला. यापुढे पहिली चाचणी शुद्ध लालाची, एफ८००. पांढऱ्याच्या नादी लागू नका.

उजव्या कडेला दोन पिक्सेलची रंगीबेरंगी कचरापट्टी अजून आहे. माझ्या पडद्याला कॉलम ० ऐवजी २ पासून मोजायला हवेत, असं दिसतंय. बदल लिहिला, अपलोड दाबलं आणि लाइट गेली.