फिट्झरॉयपाशी मी का थांबतो

मी फिट्झरॉयपाशीच का थांबतो, हे तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. समुद्राचा विषय निघाला की मी रॉबर्ट फिट्झरॉय या ब्रिटिश आरमारी कप्तानापर्यंत येतोच, आणि कुणीतरी म्हणतंच, "डार्विनला घेऊन गेलेला कप्तान, त्याचं एवढं काय?"

डार्विन त्याच्या 'बीगल' जहाजावर होता, 1831 ते 1836. पण ती सफर मुळात दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्याच्या मोजणीसाठी होती. 'बीगल' त्याच्याकडे त्याआधीच, 1828 मध्ये आलं, तेव्हा तो तेवीस वर्षांचा होता. आधीच्या कप्तानाने त्याच किनाऱ्यावर स्वतःवर गोळी झाडून घेतली होती. दक्षिण अमेरिकेच्या टोकाला असलेल्या टिएरा देल फ्यूगोची चार माणसं उचलून त्याने इंग्लंडला नेली, त्यातला एक देवीने दगावला. हे मला कधीच पटलेलं नाही. पुढे न्यूझीलंडचा गव्हर्नर झाला. तिथे वैराऊला माओरी आणि गोरे वसाहतवाले यांच्यात झालेल्या चकमकीत आगळीक गोऱ्यांची, असं त्याने गोऱ्यांनाच सुनावलं. 1845 मध्ये त्याला परत बोलावलं.

मी थांबतो ते याच्या पुढे. 1854 पासून तो ब्रिटिश सरकारच्या नव्या हवामान खात्याचा प्रमुख होता. काम जहाजांवरच्या नोंदी गोळा करण्याचं. ऑक्टोबर 1859 मध्ये मेलबर्नहून निघालेलं 'रॉयल चार्टर' जहाज लिव्हरपूल हाकेच्या अंतरावर असताना वेल्सच्या अँगलसी किनाऱ्यावर वादळात फुटलं. चारशेहून जास्त माणसं गेली. फिट्झरॉयने त्या वादळाचा माग काढला आणि म्हणाला, वादळ पुढे सरकतं, पण तार त्याच्याहून वेगाने जाते. मग पुढच्या बंदराला आधी कळवायला काय हरकत आहे? 1861 मध्ये बंदरांच्या खांबांवर कॅनव्हासचे शंकू आणि पिंपं चढू लागली. शंकूचं टोक वर असेल तर वारा उत्तरेचा, खाली असेल तर दक्षिणेचा. अक्षर न येणाऱ्या खलाशालाही ते कळायचं. आपल्याकडे बंदरात तीन नंबरचा बावटा लागतो, तोही याच जातीचा निरोप.

त्याच वर्षी 1 ऑगस्टला लंडनच्या 'टाइम्स'मध्ये त्याचा हवामानाचा पहिला अंदाज छापून आला. काही अंदाज चुकले, की थट्टा व्हायची. शास्त्रज्ञ म्हणायचे, याला शास्त्राचा आधार नाही. कर्ज, ढासळलेली तब्येत, त्यात हे. 30 एप्रिल 1865 रोजी त्याने आत्महत्या केली.

पुढच्या वर्षी चौकशी समितीने त्याच्या पद्धतीवर ठपका ठेवला आणि इशारे बंद झाले. दर्यावर्दी लोकांनी ते चालू द्या म्हणून गाऱ्हाणी घातली. 1867 मध्ये शंकू पुन्हा चढले.