चहा की कॉफी?

लेकीकडे बॉस्टनला आलोय. परवा दुपारी वेस्टन गावात जुन्या पोस्ट रोडवरचं एक लाकडी घर तिनं दाखवलं. नाव ‘गोल्डन बॉल टॅव्हर्न’. टॅव्हर्न म्हणजे वाटसरूंच्या खाण्यापिण्याची, मुक्कामाची जागा. टॅव्हर्न म्हणून ते चाललं जेमतेम वीस-बावीस वर्षं, १७९३ पर्यंत. पुढे दीडशेहून जास्त वर्षं त्याच जोन्स मंडळींचं राहतं घर, आणि आता म्युझियम. नाव मात्र टॅव्हर्नचंच.

मूळ मालक आयझॅक जोन्स. डिसेंबर १७७३ मध्ये बॉस्टनच्या बंदरात लोकांनी ईस्ट इंडिया कंपनीचा चहा बुडवला. त्यानंतर चहा पिणारा तो इंग्रजांचा, असा हिशेब झाला. हा गडी तरी चहा विकत राहिला. मार्च १७७४ मध्ये वेष पालटून लोक आले आणि घराची नासधूस करून गेले.

पुढच्या फेब्रुवारीत इंग्रज सेनापती जनरल गेजचे दोन अधिकारी खेडूत बनून टेहळणीला निघाले होते, ते इथे टेकले. त्यांतल्या डी बर्नियरनं लिहून ठेवलंय, की मालक फार चौकशा करेना म्हणून मुक्कामच ठरवला. कॉफी सांगितली, तर मालक म्हणाला, चहा की कॉफी, हवं ते मिळेल. झालं, माणूस आपल्यातला निघाला! (पुढच्याच महिन्यात राघोबादादांनी सुरतेला याच कंपनीशी तह केला. त्यांना चहा की कॉफी कुणी विचारलं नसावं. साष्टी आणि वसई मात्र मागितली.)

मला हा प्रश्न कुणी विचारला की मी म्हणतो, “जे करताय ते.” बायको चिडते.

आमच्या आळीत ‘हॉटेलवाल्यांचं घर’ होतं. हॉटेल माझ्या जन्माआधीच बंद पडलेलं. तिथे काकांकडे आम्ही गणिताच्या शिकवणीला जायचो. संगमरवरी टेबलावर वह्या, आणि भिंतीवर कॅलेंडरच्या मागून अर्धवट डोकावणारी अक्षरं : ‘बाहेरचे खाद्यपदार्थ’. पुढचं ‘आणू नयेत’ कॅलेंडरखाली. मधूनच परगावचा कुणी पिशवी घेऊन सरळ आत यायचा, बाकावर बसायचा आणि म्हणायचा, “एक मिसळ, एक चहा.” काकू म्हणायच्या, “हॉटेल नाही हो आता.” तो ओशाळून उठायचा. तेवढ्यात चहा समोर आलेला असायचा.

एकानं जाताना बशीखाली चार आणे ठेवले. काकांनी ते पाहिले, आमचं त्रैराशिक अर्धवट टाकलं आणि बनियनवरच एस्टी स्टँडपर्यंत त्याच्यामागे गेले.