दर वेळी वेगळ्या जागी बंद पडणारा ट्रक

११ मे ते २८ जून या काळातल्या वहीतल्या नोंदी एकत्र करून लिहितोय. ज्यांचा कॉम्प्युटरवरचा खेळ असाच कुठेही, केव्हाही बंद पडतो आणि ज्यांचं ड्रायव्हर, मॉड (खेळात बाहेरून घातलेली भर), विंडोज सगळं करून झालंय, त्यांना यातलं काहीतरी नक्की उपयोगी पडेल.

मशीन जुनंच आहे. सहा कोरचा प्रोसेसर, ६ जीबीचं ग्राफिक्स कार्ड, एसएसडी, आणि १६ जीबी डीडीआर४ रॅम. रॅमची ८ जीबीची एक स्टिक पहिल्यापासूनची, दुसरी एप्रिलमध्ये घेतलेली, वेगळ्या कंपनीची. हे वाक्य लक्षात ठेवा. मी नाही ठेवलं, म्हणून दीड महिना गेला.

खेळ ट्रक सिम्युलेटरचा. दिवसभर मी सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीच्या अडत दुकानात असतो, रात्री जेवण झालं की दहा ते बारा माझी गाडी रस्त्यावर. तीन वर्षं एकच सेव्ह चालवतोय. एका भाड्याच्या ट्रकपासून सुरुवात केली, आता १४ गॅरेज आहेत. त्यामुळे ही सेव्ह हा माझ्यासाठी नुसता एक फोल्डर नाही.

११ मे. २२ टन माल भरून निघालो. ३४व्या मिनिटाला चित्र गोठलं, इंजिनाच्या आवाजाचा एक तुकडा तसाच घोटत राहिला आणि समोर डेस्कटॉप. संदेश काहीच नाही. त्या आठवड्यात आणखी पाच वेळा तेच झालं: १२ मिनिटं, ५१, २६, ८, ४०. गाव कुठलंही, ट्रक कुठलाही, खेळात पाऊस असो नाहीतर ऊन, कशाचा कशाशी मेळ लागेना.

आधी मॉड. १९ मॉड होते, सगळे काढले आणि कोऱ्या प्रोफाइलवर गाडी चालवली. २९व्या मिनिटाला बंद. आपल्याकडच्या पोरांनी मेहनतीने केलेल्या एका मॉडवर मी दोन दिवस संशय घेतला होता, म्हणून स्पष्ट लिहितो: त्याचा काही दोष नव्हता.

मग ग्राफिक्स ड्रायव्हर. सेफ मोडमध्ये जाऊन डीडीयू या ड्रायव्हर पुसणाऱ्या प्रोग्रामने मुळापासून काढला, नवा टाकला, मग दोन आवृत्त्या मागचा टाकून पाहिला. फरक शून्य.

मग उष्णता. मे महिन्यातली सांगली, पत्र्याखालची खोली, रात्री साडेदहालाही थर्मामीटर ३५ दाखवतो. मला खात्रीच झाली होती. कॅबिनेटचं झाकण काढलं, टेबलफॅन थेट आत सोडला. प्रोसेसर ७४वरून ६६वर आला, कार्ड ७१वरून ६२वर. खेळ २६व्या मिनिटाला बंद पडला. त्या रात्री मी वहीत पहिल्यांदा एक गोष्ट नीट लिहिली, आणि तीच कामाची ठरली: "एका वेळी एकच बदल. बदल केल्यावर निदान तीन रात्री." त्याआधी मी एकाच संध्याकाळी चार बदल करत होतो, आणि एखादी रात्र नीट गेली की कशामुळे गेली ते कळायचं नाही.

२४ मे. इव्हेंट व्ह्यूअर, म्हणजे विंडोजची बिघाडांची नोंदवही, उघडलं. खरं तर पहिल्या दिवशीच उघडायला हवं होतं. विंडोज लॉग्जमध्ये ॲप्लिकेशन, तिथे लाल खुणेची १००० क्रमांकाची नोंद. तिच्यात दोन ओळी महत्त्वाच्या असतात. एक म्हणजे अपवादाचा कोड. माझ्याकडे जवळपास दर वेळी शेवटी ५ असलेला तो नेहमीचा, म्हणजे ॲक्सेस व्हायोलेशन: जी जागा आपली नाही तिथलं काहीतरी प्रोग्रामने वाचायला किंवा लिहायला घेतलं. दुसरी ओळ म्हणजे कुठल्या मॉड्यूलमध्ये हे घडलं. मी मागच्या ११ नोंदी वहीत उतरवून काढल्या. चार वेळा खेळाची मुख्य फाइल, तीन वेळा एनटीडीएलएल ही विंडोजची स्वतःची फाइल, दोनदा ग्राफिक्स ड्रायव्हर, एकदा आवाजाची फाइल. आणि एक नोंद खेळाची नव्हतीच, ब्राउझरची होती.

इथे मी थांबलो. खेळात किंवा मॉडमध्ये चूक असेल तर ती बहुधा त्याच दारातून बाहेर येते. मॉड्यूल तेच, पत्ताही बऱ्याचदा तोच. माझ्याकडे दर वेळी वेगळं दार. मग ज्यावर हे सगळेच उभे आहेत, त्या जमिनीकडे बघायला हवं.

पण खरा धक्का भाच्यामुळे बसला. तो विश्रामबागेतून कॉलेजच्या प्रोजेक्टची ९ जीबीची झिप पेन ड्राइव्हवर घेऊन आला होता. माझ्या मशीनवर उघडली तर सीआरसी एरर, म्हणजे फाइलच्या तपासणीची बेरीज जुळेना. "मामा, घरी उघडली होती की!" परत उघडली, तर एरर आली पण वेगळ्या फाइलवर. तिसऱ्यांदा पूर्ण उघडली, काही तक्रार नाही. पेन ड्राइव्ह खराब असता तर रडगाणं त्याच फाइलवर झालं असतं. चूक जागा बदलत होती, म्हणजे ती वाटेत होत होती.

आमच्या धंद्यातलं उदाहरण देतो, कारण मला ते असंच उमगलं. पट्टीवर, म्हणजे विक्रीच्या हिशोबाच्या कागदावर, वजनाचा एक आकडा चुकला तर हिशोब चुकतो, पण माल पोचतो. बिल्टीवर, म्हणजे गाडीसोबतच्या मालाच्या पावतीवर, गावाच्या नावात चूक झाली तर गाडीच भलतीकडे जाते. रॅममधला एक बिट (एक ० किंवा १) उलटला की तो कुणाच्या वाट्याला येतो त्यावर सगळं ठरतं. चित्राच्या डेटात असेल तर झाडाच्या पानावर एखादा ठिपका वेगळ्या रंगाचा दिसेल, कुणाच्या लक्षातही येणार नाही. झिपमध्ये असेल तर बेरीज जुळत नाही आणि सीआरसी ओरडतो. पण तो बिट एखाद्या पत्त्यात असेल तर प्रोग्राम भलत्याच जागी जाऊन थडकतो, आणि आपल्याला डेस्कटॉप दिसतो. ट्रकचा खेळ रस्ता पुढे सरकेल तसा नकाशा सतत आत ओढत असतो, रॅम सारखी भरते आणि रिकामी होते. म्हणून तोच आधी पडायचा.

३० मे. विंडोजची स्वतःची मेमरी चाचणी लावली. काही सापडलं नाही. तिच्यावर विसंबू नका. पेन ड्राइव्हवर मेमटेस्ट८६ टाकलं आणि रात्री अकराला सुरू केलं. मोफत आवृत्ती चार फेऱ्या करते. पहिली फेरी मुद्दाम छोटी असते, त्यामुळे ती हिरवी गेली म्हणून उठू नका. माझी पहिली स्वच्छ गेली. दुसऱ्या फेरीत, चाचणी क्रमांक ७ला, पहिली लाल ओळ. सकाळी उठून बघतो तर ३८ चुका, आणि प्रत्येक ओळीत अपेक्षित आकडा आणि मिळालेला आकडा यांत फक्त एका बिटाचा फरक. यात "थोड्याच आहेत" असं काही नसतं. एक चूकही जास्त.

मग एकेक स्टिक. जुनी एकटी: चार फेऱ्या, शून्य चुका. नवी एकटी: चार फेऱ्या, शून्य चुका. दोन्ही बसवल्या की चुका. दुकानदाराकडे बदलून मागायला निघालो होतो, बरं झालं थांबलो, कारण वाईट असं कुणीच नव्हतं.

मिरजेच्या मित्राने फोनवर विचारलं, "सीपीयू-झेडमध्ये दोन्हींच्या टायमिंग बघितल्यास काय?" नव्हत्या बघितल्या. (सीपीयू-झेड हा मशीनची माहिती दाखवणारा प्रोग्राम; टायमिंग म्हणजे रॅमने काम करायला किती ठोके घ्यायचे ते आकडे, जितके कमी तितकी घाई.) एसपीडीच्या, म्हणजे स्टिकवरच साठवलेल्या माहितीच्या, टॅबवर कळलं: दोन्ही स्टिक एक्सएमपीला, म्हणजे कंपनीने दिलेल्या वेगवान प्रोफाइलला, ३२००च्या, पण जुनी १६-१८-१८ची आणि नवी १६-२०-२०ची. आणि मेमरीच्या टॅबवर, म्हणजे प्रत्यक्ष चालू असलेलं, १६-१८-१८. मदरबोर्डाने जुन्या स्टिकचं प्रोफाइल दोघींना लावलं होतं. नव्या स्टिकने जी घाई कधी कबूलच केली नव्हती, ती तिच्याकडून करून घेतली जात होती. एकटी असताना ती स्वतःच्या प्रोफाइलवर चालायची, म्हणून पास व्हायची.

एक्सएमपी म्हणजे हमी नाही, हे इथे ठळक करून सांगतो. डीडीआर४चं मूळ व्होल्टेज १.२, माझ्या दोन्ही स्टिकच्या एक्सएमपीत ते १.३५. ते एक प्रकारचं ओव्हरक्लॉकिंगच आहे, आणि प्रोफाइल त्या स्टिकपुरतं किंवा एकाच पाकिटातून आलेल्या जोडीपुरतं लिहिलेलं असतं. वेगवेगळ्या पाकिटांतल्या दोन स्टिक, त्यांच्यावर सारखाच ३२००चा आकडा असला तरी, जोडी नसतात.

४ ते ९ जून. एक्सएमपी बंद केलं, रॅम २६६६वर आली: मेमटेस्ट स्वच्छ. ३२०० ठेवून हाताने १६-२०-२० भरलं: तिसऱ्या फेरीत २ चुका. मोह होता तिथेच थांबायचा, ३८वरून २वर आलो होतो. पण नाही. २९३३वर १६-२०-२०: चार फेऱ्या स्वच्छ, दुसऱ्या रात्री पुन्हा चार, स्वच्छ. ३२००ला जिथे ७२ ते ७४ फ्रेम मिळायच्या तिथे आता ७० ते ७२. मला डोळ्यांनी फरक कळत नाही.

यानंतरचं काम बरेच जण सोडून देतात, आणि मग "रॅम बदलली तरी खेळ बंद पडतोच" असं म्हणतात. बिघडलेल्या रॅममधून जे जे डिस्कवर लिहिलं गेलं, ते बिघडलेलंच राहतं. खेळाच्या फाइल व्हेरिफाय केल्या: ३ फाइल चुकीच्या निघाल्या, त्या परत उतरल्या. विंडोजच्या फाइल तपासणारं एसएफसी स्कॅननाउ चालवलं, त्यालाही दुरुस्त करायला काही फाइल मिळाल्या. एप्रिलनंतर उतरवलेले मॉड पुन्हा उतरवले.

राहिली सेव्ह. मेच्या शेवटची सेव्ह उघडत होती, पण एका गॅरेजमधले दोन ड्रायव्हर गायब होते आणि एका ट्रेलरचं वजन उणे दिसत होतं. ती मी वापरली नाही. दर रविवारी सेव्हची एक प्रत मी पेन ड्राइव्हवर काढतो, प्रत्येक प्रत वेगळ्या तारखेच्या फोल्डरात, जुनीवर कधीच नाही. नवी स्टिक बसवण्याआधीच्या रविवारची प्रत घेतली. सात आठवड्यांचा धंदा गेला, गॅरेज १४ची १२ झाली. पण ती सेव्ह स्वच्छ आहे हे मला माहीत आहे, आणि त्यावरच पुढची तीन वर्षं उभी करायची आहेत.

२८ जून. १० जूनपासून ३१ तास गाडी चालवली. या काळात मशीन एकदाच बंद पडलं, २१ तारखेच्या रात्री, बाहेर पाऊस चालू असताना. काळजात धस्स झालं. सकाळी इव्हेंट व्ह्यूअर बघितलं: ॲप्लिकेशनमध्ये १०००ची नोंद नाही, सिस्टीममध्ये कर्नल-पॉवर ४१, म्हणजे मशीन नीट बंद न करता अचानक बंद पडल्याची नोंद. शेजारी विचारलं, त्यांच्याकडेही त्याच वेळी वीज गेली होती. वहीत "क्रॅश नाही" असं लिहिलं आणि संध्याकाळी यूपीएसच्या किमती विचारून आलो.